पाकोळी: दहा महिने जमिनीला न टेकणारा पक्षी

सह्यवेडी

संध्याकाळी पाच-साडेपाचला पुण्यात, नाशकात, अगदी तालुक्याच्या एसटी स्टँडवरही मान वर करून बघा. जुन्या इमारतींच्या वर चिरचिर ओरडत, एकमेकांच्या मागे सुसाट धावणारा काळसर पक्ष्यांचा थवा दिसेल. कमरेवर पांढरा पट्टा, आखूड शेपूट, विळ्याच्या पात्यासारखे मागे वळलेले पंख. बरेच जण त्यांना भिंगऱ्या समजून पुढे जातात. या पाकोळ्या. इतक्या रोजच्या, की पक्षी बघायला गेलेले लोकही यादीत त्यांचं नाव लिहायला विसरतात, आणि मला ते फार लागतं. उडण्याच्या बाबतीत या घराण्याला तोड नाही. म्हणून हा धागा. तुमच्याकडच्या पाकोळ्यांबद्दल जरूर लिहा.

आधी नातीगोती. भिंगरी आणि पाकोळी लांबून सारख्या दिसतात, पण भिंगरी ही चिमणी-बुलबुलांच्या गणातली. तारेवर ओळीने बसलेली दिसते ती भिंगरी. पाकोळी तारेवर बसतच नाही. तिचे जवळचे भाऊबंद म्हणजे अमेरिका खंडातले हमिंगबर्ड. दोघांच्याही पंखांत दंडाचं हाड अगदी आखूड आणि पंजाचा भाग खूप लांब असतो. म्हणजे आपल्याला दिसतो तो पंख बहुतेक सगळा पंजाचाच. पाय मात्र इवलेसे. आपल्या पाकोळीची चारही बोटं पुढे वळतात आणि टोकाला अणकुचीदार नखं असतात. खडबडीत भिंतीला किंवा कड्याला लटकायला हे पाय उत्तम, पण फांदी पकडायला किंवा जमिनीवर चालायला उपयोगाचे नाहीत.

आता शीर्षकातला मुद्दा. युरोपात उन्हाळ्यात वीण करणारी 'सामान्य पाकोळी' हिवाळ्यात आफ्रिकेत जाते. स्वीडनमधल्या लुंड विद्यापीठातले अँडर्स हेडेनस्ट्रॉम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या पाकोळ्यांच्या पाठीवर साधारण एक ग्रॅमचं नोंदयंत्र बसवलं. २०१६ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले: वीण संपवून निघाल्यापासून पुढच्या उन्हाळ्यात परत येईपर्यंतच्या दहा महिन्यांत या पक्ष्यांनी ९९ टक्क्यांहून जास्त वेळ हवेत काढला होता. काही पक्षी मधल्या काही रात्री टेकले. तीन पक्षी मात्र दहाच्या दहा महिने एकदाही टेकले नाहीत.

त्याच अभ्यासातली मला सर्वात आवडणारी गोष्ट वेगळीच आहे. जे पक्षी अजिबात टेकले नाहीत त्यांनी त्या काळात पंखांची मोठी पिसं बदलली होती. जे अधूनमधून टेकले त्यांची पिसं जुनीच राहिली होती. म्हणजे ज्यांची तब्येत किंवा पिसं धड नव्हती त्यांनाच विसावा लागला असावा. उतरणं ही पाकोळीची गरज नसून अडचण आहे, असं मी यातून समजते.

खाणं हवेतच. उडते किडे, मावा, पंखवाल्या मुंग्या, आणि स्वतःच्या धाग्यावर तरंगत जाणारे छोटे कोळीसुद्धा. चोच बाहेरून एवढीशी दिसते, पण जबडा उघडला की डोळ्यांच्या खालपर्यंत फाकतो. पाणी पिणंही उडता उडता: तळ्यावर खाली येऊन खालची चोच पाण्यातून ओढत न्यायची आणि वर उठायचं. घरट्यासाठी लागणारी पिसं आणि गवताच्या काड्याही वाऱ्यावर उडत असतानाच पकडायच्या आणि स्वतःच्या लाळेने चिकटवायच्या.

---

चिकित्सक

छान लिहिलंय. पण दहा महिने हवेत होती हे कळलं कसं? पक्षी आफ्रिकेत, शास्त्रज्ञ स्वीडनमध्ये. एक ग्रॅमच्या यंत्रातून उपग्रहाला संदेश जाणं शक्य वाटत नाही.

---

सह्यवेडी

रास्त शंका. संदेश जातच नाही. यंत्र सगळं स्वतःच्या आत नोंदवतं. पाकोळी दर वर्षी त्याच घरट्यात परत येते, त्यामुळे पुढच्या उन्हाळ्यात तिला तिथेच पुन्हा पकडायचं, यंत्र काढायचं आणि नोंदी वाचायच्या. त्यात त्वरणमापक असतो. पंख फडफडतायत का आणि शरीर आडवं आहे की उभं, हे त्यावरून कळतं. उडताना शरीर आडवं असतं. भिंतीला लटकली की उभं होतं आणि फडफड थांबते. शिवाय प्रकाशाची नोंद होते. सूर्योदय-सूर्यास्ताच्या वेळांवरून पक्षी साधारण कुठे होता ते काढता येतं.

याआधी २०१३ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या पक्षी संशोधन संस्थेच्या फेलिक्स लीश्टी यांच्या गटाने अशाच यंत्रांनी आल्प्समधल्या मोठ्या पाकोळीचे सलग २०० दिवस हवेत नोंदवले होते. ही मोठी पाकोळी आपल्याकडेही आहे, म्हणून ती बातमी मला जास्त जवळची वाटली.

---

काळाकातळ

मोठी पाकोळी म्हणजे पांढऱ्या पोटाची ना? सह्याद्रीत कड्यांवर जाणाऱ्यांना ती आधी ऐकू येते. तुम्ही काठावर बसलेले असता आणि कानाजवळून 'सूंऽऽ' असा हवा फाटल्याचा आवाज जातो. मान वळवेपर्यंत पक्षी दरीत पार लांब. गळा आणि पोट पांढरं, मधे छातीवर तपकिरी पट्टा. पंखांचा विस्तार अर्ध्या मीटरहून जास्त, त्यामुळे घराजवळच्या पाकोळीपुढे ती खूपच मोठी वाटते.

दुपारी कड्याच्या तोंडाशी गरम हवा वर चढायला लागली की या पंख न हलवता तिच्यावर चढत जातात. वारा अगदीच पडला तर दिसेनाशा होतात. कर्नाटकात जोगच्या धबधब्याला गेलात तर संध्याकाळपर्यंत थांबा. पडत्या पाण्यामागच्या कातळात त्यांची जुनी वस्ती आहे. पाण्याच्या पडद्याला वळसा घालून त्या ज्या वेगाने आत शिरतात ते बघताना आपलाच श्वास अडकतो.

---

पुणेरी गच्ची

सह्यवेडीताई, मग त्या झोपतात कधी? दहा महिने जागं राहणं कसं शक्य आहे?

---

झुरिखकर

याचं उत्तर मी देतो, कारण इकडे उन्हाळ्यात हाच विषय असतो. आमच्या गल्लीत मेच्या सुरुवातीला पाकोळ्या येतात आणि ऑगस्ट उजाडेपर्यंत बहुतेक निघून जातात. संध्याकाळी छपरांच्या उंचीवर आरडाओरडा चालू असतो, आणि अंधार पडू लागला की ज्यांना घरटं नाही अशा पाकोळ्या वर वर चढत जातात.

नेदरलँड्समध्ये हवामानाच्या रडारवर हे मोजलं गेलं. संधिप्रकाशात त्या सुमारे अडीच किलोमीटर उंचीपर्यंत चढतात. आणि गंमत अशी की हे चढणं फक्त संध्याकाळी होत नाही, पहाटेही तितकंच होतं. फक्त झोपायला वर जात असत्या तर पहाटे पुन्हा चढण्याचं कारण नव्हतं. त्यामुळे संशोधकांचा कयास असा, की त्या वेळी वरून दूरवरचं हवामान आणि दिशा यांचा अंदाज त्या घेत असाव्यात.

पाकोळीच्या मेंदूतली झोप थेट मोजायची तर डोक्यावर यंत्र बसवावं लागतं, आणि चाळीस ग्रॅमच्या पक्ष्याला ते पेलत नाही. पण फ्रिगेट पक्ष्यावर ते जमलं. गॅलापागोस बेटांवरच्या या समुद्रपक्ष्यांचा अभ्यास निल्स रॅटनबोर्ग यांच्या गटाने २०१६ मध्ये प्रसिद्ध केला. उडताना ते खरोखर झोपतात, कधी अर्ध्या मेंदूने, कधी पूर्ण मेंदूने, पण दिवसाला सरासरी ४२ मिनिटंच. तेही छोट्या छोट्या डुलक्यांत. जमिनीवर आले की हेच पक्षी बारा तासांहून जास्त झोपतात. म्हणजे हवेत झोप लागू शकते आणि ती फार कमी पुरते, एवढं तरी पक्कं झालं.

---

चिकित्सक

झुरिखकर, धन्यवाद, हे नवीन होतं. आता वेगाबद्दल विचारतो. 'ताशी १७० किलोमीटर उडणारी पाकोळी' असं सगळीकडे फिरत असतं. खरं का?

---

सह्यवेडी

तो आकडा पांढऱ्या गळ्याच्या सूचिपुच्छ पाकोळीच्या नावावर खपवला जातो. ती पूर्व आशियातून ऑस्ट्रेलियापर्यंत जाते. पण तो वेग कसा मोजला याची नीट प्रसिद्ध नोंद नाही, त्यामुळे मी तो वापरत नाही. नीट मोजलेला आकडा लुंड विद्यापीठाचाच आहे: सामान्य पाकोळी, ताशी सुमारे ११२ किलोमीटर. २०१० मध्ये प्रसिद्ध झाला. संध्याकाळच्या त्या ओरडत धावणाऱ्या थव्यांचं एकापेक्षा जास्त कॅमेऱ्यांनी चित्रण करून तो काढला. बहिरी ससाण्याचा सूर याहून कितीतरी वेगवान असतो, पण तो खाली पडताना. इथे पक्षी स्वतःच्या ताकदीवर सरळ उडतोय, आणि वर चढतानाही वेग फारसा सोडत नाही.

आणि या सगळ्यासाठी पंखांचा एकच आकार वापरत नाही, हे मुद्दाम सांगायचं होतं. डेव्हिड लेंटिंक यांच्या गटाने २००७ मध्ये पाकोळीचे पंख वेगवेगळ्या कोनांत पसरून पवनबोगद्यात तपासले. संथ तरंगायचं असेल तर पंख पूर्ण पसरलेले बरे, कमीत कमी उंची गमावून जास्तीत जास्त वेळ हवेत राहता येतं. वेगाने जायचं किंवा झटकन वळायचं तर पंख मागे ओढलेले बरे. भर वेगातल्या वळणाचा ताण पसरलेल्या पंखांना झेपत नाही. रात्री पाकोळ्या सेकंदाला ८ ते १० मीटर वेगाने उडतात, आणि पसरलेल्या पंखांना सर्वात किफायतशीर पडणारा वेगही नेमका तेवढाच निघाला.

आपल्या गच्चीवरून हे दोन्ही बघता येतं. वर उंच निवांत फिरणारीचे पंख आडवे पसरलेले असतात. तीच किड्यामागे वळली की क्षणात पंख मागे जातात.

---

वऱ्हाडी पाऊल

आमच्याकडं मेळघाटात नि पेंचात तुरेवाली पाकोळी दिसते. ती मात्र वाळक्या फांदीवर मस्त बसते. डोक्यावर तुरा, राखाडी अंग, नराचे गाल विटकरी रंगाचे. मग पाकोळी फांदीवर बसत नाही हे कसं?

---

सह्यवेडी

दादा, बरं झालं विचारलंत. ती झाडपाकोळ्यांच्या वेगळ्या कुळातली. गण एकच, पण तिच्या पायाचं मागचं बोट मागेच राहतं, म्हणून फांदी पकडता येते. तिचं घरटं बघण्यासारखं असतं. फांदीच्या कडेला लाळेने चिकटवलेली सालीची आणि पिसांची पातळ वाटी, त्यात एकच अंडं. घरटं एवढं लहान की उबवणारा पक्षी फांदीवर नुसता बसलाय असंच वाटतं. पंखांखाली घरटं पार झाकून जातं.

ताडपाकोळीही शोधा. ती ताडाच्या लोंबत्या पानाच्या आतल्या बाजूला इवलंसं घरटं चिकटवते. वाऱ्याने पान हेलकावत राहतं आणि घरटं त्याच्याबरोबर.

---

तळकोकण

आमच्या भागातल्या पाकोळीचं कोणीच लिहिलं नाही, म्हणून लिहितो. वेंगुर्ल्यासमोर समुद्रात दीपगृह असलेले खडक आहेत, वेंगुर्ला रॉक्स. तिथल्या एका गुहेत भारतीय पाकोळीची मोठी वस्ती आहे. ही लहान, एकरंगी तपकिरी. तिचं वैशिष्ट्य म्हणजे अंधाऱ्या गुहेत ती तोंडाने 'टक् टक् टक्' आवाज काढते आणि त्याच्या प्रतिध्वनीवर वाट काढते. वटवाघळाचा आवाज आपल्याला बहुतांशी ऐकू येत नाही, हिचा स्पष्ट ऐकू येतो. बाहेर उजेडात आली की टकटक बंद.

या घरट्यात लाळ भरपूर असते आणि तीच तिच्या मुळावर आली. चीनमध्ये पाकोळीच्या घरट्याचं सूप हा महागडा पदार्थ. त्यासाठी इथून घरटी खरवडून नेली जायची. घरट्यात अंडी आहेत की पिल्लं हे कोणी बघत नसे, ती खाली टाकली जायची. पाकोळीने पुन्हा लाळ गाळून घरटं बांधायचं, ते पुन्हा खरवडायचं. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने हा प्रकार उजेडात आणून वनखात्याच्या मदतीने संरक्षणाचं काम केलं. त्यांचे आभार मानावेत तेवढे थोडे आहेत.

कृपया हे वाचून कोणी होडी करून गुहेत जाऊ नका. विणीच्या काळात आत माणूस शिरला की सगळी वस्ती एकदम उडते आणि धक्क्याने पिल्लं पडतात.

---

पुणेरी गच्ची

तळकोकण, हे माहीतच नव्हतं. वाचून वाईट वाटलं आणि बरंही वाटलं.

पिल्लांबद्दल कोणी लिहील का? आईबाप दिवसभर उडतात, मग पाऊस लागून राहिला की पिल्लं काय खातात?

---

झुरिखकर

इकडच्या पाकोळ्यांवर यासंबंधी मोठं काम ऑक्सफर्डला झालंय. विद्यापीठाच्या संग्रहालयाच्या मनोऱ्यात डेव्हिड लॅक यांनी १९४० च्या दशकाच्या अखेरीस पाकोळ्यांचा अभ्यास सुरू केला. मनोऱ्याच्या हवेच्या झरोक्यांमागे पेट्या बसवल्या, त्यामुळे आतून घरटी बघता आली.

पाऊस-गारठ्यात किडे उडत नाहीत, मग मोठ्या पाकोळ्या वादळाला वळसा घालून दूर निघून जातात. पिल्लं मागे एकटी. पण ती लगेच मरत नाहीत. शरीराचं तापमान उतरतं, वाढ मंदावते आणि साठवलेल्या चरबीवर काही दिवस निघतात. हवा सुधारली की पुन्हा वाढायला लागतात. म्हणून एकाच मनोऱ्यातली पिल्लं एखाद्या वर्षी पाच आठवड्यांत उडतात, तर एखाद्या वर्षी आठ आठवडे लागतात. एवढ्याशा पक्ष्याच्या पिल्लांमध्ये इतका फरक क्वचितच दिसतो.

आईबाप एका खेपेला शेकडो किडे लाळेत मळून त्यांचा गोळा घशात आणतात. घसा फुगलेली पाकोळी दिसली की समजायचं, जवळपास पिल्लं आहेत.

---

सह्यवेडी

यात एक भर. उडायच्या आधीच्या दिवसांत पिल्लं पंख जमिनीला टेकवून अंग वर उचलतात, चक्क जोर मारतात. खाणंही कमी होतं आणि वजन उतरतं. २००६ च्या एका प्रयोगात पिल्लांच्या अंगावर हलकं वजन लावून पाहिलं, तर त्यांनी स्वतःचं वजन तेवढं जास्त उतरवलं. पंखांच्या मापाला वजन जुळेपर्यंत ती थांबतात. कारण सरावाची उडी नाही. घरट्याच्या तोंडातून बाहेर पडली ती पडलीच. आईबाप शिकवायला, भरवायला बाहेर येत नाहीत. युरोपातलं पिल्लू त्याच दिवसापासून आफ्रिकेच्या वाटेला लागतं. पहिली वीण साधारण तिसऱ्या-चौथ्या वर्षी, तोवर टेकायचं कारणच नसतं.

---

नवखा

धागा शोधत शोधत इथे आलो. आज सकाळी पार्किंगमध्ये एक पाकोळी जमिनीवर पडलेली मिळाली. पंख पसरून पडून आहे, उचलली तर नखांनी शर्टाला घट्ट धरते. गच्चीवरून वर फेकली तर उडेल असं शेजारच्या काकांचं म्हणणं. काय करू?

---

सह्यवेडी

फेकू नका. कृपया काकांनाही सांगा. धडधाकट मोठी पाकोळी सपाट जमिनीवरूनही बहुतेक वेळा उठते. जी तशीच पडून राहते ती अशक्त असते, जखमी असते किंवा पंख पुरे न वाढलेलं पिल्लू असतं. अशीला उंचावरून फेकलं तर हाड मोडतं.

बुटाचा खोका घ्या, भोकं पाडा, तळाला मऊ कापड घाला, झाकण लावून शांत, सावलीच्या जागी ठेवा. दूध, भात, पोळी अजिबात नको, आणि चोचीत पाणी ओतू नका, ते श्वासनलिकेत जातं. वनविभागाच्या १९२६ या मदत क्रमांकावर फोन करा, ते जवळच्या पक्षी-बचाव केंद्राशी जोडून देतील. पिल्लू असेल तर वर घरटी आहेत का बघा. हात पोचत असेल तर तिथेच परत ठेवणं सर्वात चांगलं. माणसाचा हात लागला म्हणून आई टाकून देत नाही.

---

नवखा

फोन केला, माणूस येऊन खोका घेऊन गेला. पिल्लूच होतं, पंखांच्या पिसांना मुळाशी अजून आवरण होतं म्हणाले. घरटी तिसऱ्या मजल्याच्या सज्जाखाली आहेत, तिथे हात पोचणं शक्य नव्हतं. खूप आभार.

---

पुणेरी गच्ची

माझा प्रश्न आता यालाच लागून आहे. आमच्या इमारतीच्या पोर्चखाली पाकोळ्यांची वस्ती आहे, पिसं आणि काड्यांचे गोळे एकाला एक चिकटलेले. सोसायटीने रंगकाम काढलंय. कबुतरांसाठी जाळीही लावायची म्हणतायत, आणि गाड्यांवर विष्ठा पडते म्हणून घरटी पाडायचा विषय आहे. मला मीटिंगमध्ये बोलायचंय. काय सांगू?

---

सह्यवेडी

हे नक्की बोला. आपल्याकडे साधारण फेब्रुवारी ते सप्टेंबर विणीचा काळ, पण या पाकोळ्या बाकीचे महिने रात्री झोपायलाही तीच घरटी वापरतात. म्हणून 'आता पिल्लं नाहीत, पाडून टाका' हा युक्तिवाद चालत नाही. जाळी लावली तर आतले पक्षी आतच अडकतात, आणि अंडी-पिल्लांसकट घरटी पाडणं १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या विरुद्ध जातं, हेही सांगा. रंग लावायचाच असेल तर वस्तीचा तेवढा भाग सोडून लावा.

हवेत राहणाऱ्या या पक्ष्याला जमिनीवरची एवढीच जागा लागते, आणि ती जागा आता बहुतेक आपल्याच भिंतींवर आहे. जेरुसलेमच्या पश्चिम भिंतीच्या फटींत पाकोळ्या राहतात. बीजिंगच्या उन्हाळी राजवाड्यातल्या पाकोळ्यांना २०१४ मध्ये यंत्रं लावली, तर त्या इराण-अरबस्तानावरून थेट दक्षिण आफ्रिकेपर्यंत जाऊन त्याच राजवाड्यात परतल्या. ब्रिटनमध्ये घरांच्या डागडुजीत फटी बुजत गेल्या, संख्या इतकी घसरली की २०२१ मध्ये सामान्य पाकोळी तिथल्या लाल यादीत गेली.

---

पुणेरी गच्ची

हे सगळं छापून नेते. विष्ठेचं काय सांगू? तक्रार मुख्य त्याचीच आहे.

---

सह्यवेडी

घरट्यांखाली लाकडाची किंवा पत्र्याची आडवी फळी लावा, विष्ठा तिच्यावर पडेल. फक्त ती घरट्यांच्या अगदी खाली नको. पाकोळी घरट्यातून निघताना आधी खाली झेपावते, मग वेग घेते, आणि परतताना खालून झपकन वर येऊन भिंत पकडते. म्हणून निदान दीड-दोन मीटर मोकळी जागा सोडा, आणि समोरची बाजू पूर्ण उघडी ठेवा. फळी महिन्यातून एकदा दुपारी झाडली तरी पुरते. पोर्चची उंची तेवढी नसेल तर फळीऐवजी तिथल्या दोन गाड्यांची जागा बदलून द्यायचं सुचवा.